खालच्या मजल्यावरचा नकार

सोमवार, ९ तारीख

धाकट्या,

आशीर्वाद सध्या राखून ठेवले आहेत. परत आलास की बघू.

बॅगेत चार शर्ट, दोन पँट, दाढीचं सामान, रक्तदाबाच्या गोळ्या आणि तुझा चष्मा आहे. चष्मा जेवणाच्या टेबलावर राहिला होता. चष्मा न घेता बसमध्ये चढणारा माणूस घाईत होता की घाबरलेला, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

तुमचे सगळ्यांचे फोन काढून घेतलेत म्हणे. ड्रायव्हर सांगत होता की हॉटेलच्या फाटकावर एक गृहस्थ बसतो, तो प्रत्येक बॅग उघडतो आणि कागद दिसला की वाचतो. त्या गृहस्थांना माझा नमस्कार. यात एका चिडलेल्या बहिणीशिवाय काही नाही. वाचून झालं की घडी होती तशी घाला.

शनिवारी दुपारी मी खाली ऑफिसात माझ्या टेबलापाशी होते. समोर पाण्याच्या पाइपलाइनची तक्रार घेऊन सात-आठ जण बसले होते. भिंतीवरच्या टीव्हीत ती बस दिसली, पडदे लावलेली, आणि एका खिडकीत तू. पडदा सरकवून हात हलवत होतास. त्यांच्यातला एक जण म्हणाला, "पळवून नेलेला माणूस हात हलवत नाही हो." मी म्हटलं, "आमचा हलवतो." सगळे हसले, मीही हसले, आणि मग आत जाऊन पाणी प्यायले. ज्या घरात आपण सकाळी एकत्र चहा प्यायलो, त्याच घरातल्या माणसाची बातमी मला टीव्हीने द्यावी, हे मी विसरणार नाही.

आता मुद्द्याचं. येत्या शनिवारी सभागृहात सरकारवर अविश्वासाचा ठराव आहे. एकेकाचं नाव पुकारतील, उभं राहून "होय" किंवा "नाही" म्हणायचं. तू "होय" म्हणालास तर ज्या पक्षाने तुला तीनदा तिकीट दिलं त्याचं सरकार पाडणाऱ्यांत तू असशील. "नाही" म्हणालास तर बंडाचे म्होरके म्हणून तुला हॉटेलात नेऊन ठेवणाऱ्या वकीलसाहेबांशी आणि त्यांच्या सगळ्या टोळक्याशी कायमचं वैर. तुझं ते लाडकं "होऊन जाईल" तिथे चालणार नाही. कामकाजात तशी नोंद करत नाहीत.

आणि इथेच माझा जीव टांगणीला लागला आहे. पंधरा वर्षं आपलं काम कसं चाललंय ते तुला वेगळं सांगायला नको. माणूस जिना चढून वर तुझ्याकडे येतो, तू त्याच्या खांद्यावर हात ठेवून "होऊन जाईल" म्हणतोस, आणि तो उड्या मारत खाली येतो. खाली मी बसलेली. बदली होणार नाही, मुलाचा नंबर लागणार नाही, भिंत बेकायदेशीर आहे ती पडणारच, हे सगळं मी सांगते. तुला लोक देवमाणूस म्हणतात आणि मला "खालची ताई", तेही कडू औषधाचं नाव घ्यावं तसं. तक्रार करत नाही, याच जोरावर आपण तीन निवडणुका जिंकल्या. पण त्यामुळे एक झालं. सबंध कारकिर्दीत तू एकदाही कुणाला तोंडावर नाही म्हणालेला नाहीस.

म्हणून एवढंच विचारते. तू ठरवून त्या बसमध्ये चढलास, की कुणी तरी "येताय ना?" म्हणालं आणि तुझ्याच्याने नाही म्हणवलं नाही?

उत्तर बॅगेतून पाठव.

ताई


मंगळवार, १० तारीख

धाकट्या,

बॅग परत आली. शर्ट हॉटेलने धुऊन, कॉलरमध्ये पुठ्ठा घालून पाठवलेत. घरी कपडे आले की मला तुझा दिवस कळतो. बाहीला शाई असली तर सह्या केल्यास, खिसा फाटला असला तर गर्दीत होतास. पुठ्ठ्यावरून काहीच कळत नाही. सोबत हॉटेलच्या कागदावर तुझी एक ओळ: "सगळं ठीक आहे. होऊन जाईल."

मी विचारलं होतं काय आणि तू लिहितोस काय.

लहानपणापासून हेच. बाबांच्या औषधाच्या दुकानात गल्ल्यापाशी तू बसायचास आणि मी मागच्या खोलीत खोकी लावायचे. गिऱ्हाईक म्हणालं, अमुक गोळी आहे का, की तू म्हणायचास, उद्या येईल. कंपनीने ती गोळी बनवायची बंद केली असली तरी उद्या येईल. मग दुसऱ्या दिवशी मला बाहेर येऊन सांगावं लागायचं की येणार नाही. बाबा म्हणायचे, "पोराच्या जिभेत साखर आहे." माझ्या जिभेत काय आहे ते त्यांनी कधी सांगितलं नाही.

असो. बातमी अशी आहे, आणि ती फाटकावरच्या गृहस्थांनी जरूर वाचावी. आपला ड्रायव्हर तिथे गाड्यांच्या तळावर बाकीच्या आमदारांच्या ड्रायव्हरांबरोबर थांबतो. काल चहा पिताना तो फुशारकीने म्हणाला, "आमच्या साहेबांना आरोग्य खातं मिळतंय." दुसरा म्हणाला, "अरे, ते तर आमच्या साहेबांना." तिसऱ्याने चहाचा कप खाली ठेवला आणि म्हणाला, त्याच्या साहेबांच्या बाईंनी तर शपथविधीसाठी साडीसुद्धा घेतली आहे. तेव्हा एका आरोग्य खात्याला तुम्ही तीन मंत्री झालात. वकीलसाहेबांनी तुम्हा तिघांपैकी कुणाच्या तोंडाला पानं पुसायची ठरवलीत ते त्यांनाच ठाऊक. तुला दम देऊन बसमध्ये बसवलं असतं तर मी वेगळं बोलले असते. गाजर दाखवलं म्हणून तू गेलास, हे मला जास्त लागतं.

की तुला खरंच असं वाटतं की मंत्री झालास तर दवाखान्याचा बाळंतपणाचा वॉर्ड लवकर उभा राहील? आज मुद्दाम तिथे जाऊन आले. दुसऱ्या मजल्याच्या सळया वर आल्या आहेत. मुकादम म्हणाला, "सरकार पडलं तर आमचं काम आहे तिथे थांबेल का हो?" मी म्हटलं, मला माहीत नाही. तुझ्या हजारो होकारांपैकी हा एकच मला खाली बसून मोडावा लागला नव्हता. आपल्या आईला ट्रकच्या मागे झोपवून नेलं होतं ते तुला आठवत नसेल, तू पोटात होतास. मला आठवतं. त्या वॉर्डासाठी मीही सहा वर्षं सचिवालयाचे उंबरे झिजवले आहेत.

पक्षाचे प्रतोद दुपारी येऊन चहा पिऊन गेले. तुझी चौकशी करत होते. बाकी विशेष काही नाही.

गोळ्या वेळेवर घे.

ताई


बुधवार, ११ तारीख

धाकट्या,

आज सकाळी दाराबाहेरच्या पाटीवर कुणीतरी तुझ्या नावावर डांबर फासून गेलं. माझं नाव पाटीवर नाहीच, त्यामुळे ते वाचलं. घासून बघितलं, निघत नाही. तुझी बायको मुलीला घेऊन माहेरी गेली. जाताना मला म्हणाली, "वन्सं, ते आले की मला फोन करू नका, त्यांनाच करायला सांगा." माझं तिचं कधी फार जमलं नाही हे तुला माहीत आहे, पण आज मी तिच्या बाजूची आहे.

दुपारी शंभरेक माणसं समोर उभी होती. घोषणा वगैरे काही नाहीत. नुसती उभी होती, हे जास्त भयंकर वाटलं. मी दार उघडंच ठेवलं आणि टेबलापाशी बसून राहिले. शेवटी त्यांच्यातला एक रिटायर्ड बसकंडक्टर आत आला आणि म्हणाला, "ताई, दार लावून घ्या. आम्हाला तुमचा राग नाही." मी दार लावलं नाही. पण हात मी टेबलाखाली ठेवले होते.

आता कालचं. मी लिहिलं की प्रतोद येऊन चहा पिऊन गेले आणि विशेष काही नाही. चहा प्यायले हे खरं आहे. दुसरा भाग खोटा आहे.

प्रतोदांना तू ओळखतोसच, गडी शाळेचा हेडमास्तर होता आणि अजून तसाच बोलतो, समोरचा नापास होणार हे ठाऊक असल्यासारखा. बसला, कपाची कड पुसली आणि म्हणाला, "ताई, पक्षाचा आदेश मोडला की तुमच्या भावाची आमदारकी जाते. वकील त्यांना काहीही सांगत असोत. मग पोटनिवडणूक लागेल."

"लागेल," मी म्हटलं.

"वरच्यांचं म्हणणं आहे की तुम्ही उभं राहावं. नाव तुमच्याच घरातलं, आणि लोक तुम्हाला मानतात."

"लोक मला घाबरतात."

"निवडणुकीत दोन्ही चालतं."

मी ताडकन नाही म्हटलं असेल, असं तुला वाटत असेल. सगळ्या गावाला वाटाण्याच्या अक्षता लावणारी बाई मी. पण मी म्हटलं, "विचार करून सांगते." प्रतोद गेल्यावर मी वर तुझ्या खोलीत गेले आणि आरशासमोर उभी राहिले. हे लिहिताना लाज वाटते, तरी लिहिते.

मला ती जागा हवी आहे, धाकट्या. पंधरा वर्षं तुझी भाषणं मी लिहिली आणि तू दर वेळी मधलं पान गाळलंस, कारण त्यात कुणालातरी लागेल असं काहीतरी असायचं. ती मधली पानं मला स्वतः उभं राहून वाचायची आहेत. म्हणजे तू शनिवारी "होय" म्हणालास तर सरकार पडेल, वॉर्ड अडकेल, तुझ्या पाटीवरचं डांबर कायमचं राहील, आणि माझं भलं होईल. मी तुला इथून उपदेश करते आहे तेव्हा हे तुला माहीत असलेलं बरं. तुझ्यापासून लपवून मी तुला पत्र लिहू शकत नाही. एक दिवस लपवलं, तेवढ्यात जेवण गेलं नाही.

फाटकावरच्या गृहस्थांनी हे वाचलं असणारच. वाचू दे.

ताई


शुक्रवार, १३ तारीख

धाकट्या,

बॅगेत वर ठेवलेलं पत्र फाटकावरच्या माणसासाठी आहे. त्यात मी हवापाण्याचं लिहिलं आहे. खरं पत्र हे. सोमवारच्या गोळ्या आज संपतील म्हणून नवं खोकं पाठवते आहे; पातळ कागद घेतला, त्या खोक्यातलं माहितीपत्रक काढलं आणि त्याच्याच घडीत हा घालून ठेवला. पत्रकाची घडी कशी घालायची ते या घरात दोघांनाच येतं. सगळ्या जगात ते पत्रक उघडून वाचणारा माणूस मी अजून पाहिलेला नाही, त्यामुळे फाटकावरचाही वाचणार नाही. तू मात्र शनिवारची गोळी घेताना खोकं उघडशील, आणि खोकं जड लागलं तर तुझा हात थांबेल, अशी आशा आहे. आशाच म्हणायची, कारण तू गोळी चुकवलीस तर हे सगळं फुकट गेलं.

काल पत्र पाठवलं नाही. कारण असं.

काल सकाळी वकीलसाहेबांचा फोन आला. आधी म्हणाले, "ताई, तुमचं बुधवारचं पत्र वाचलं. अक्षर फार सुंदर आहे हो." मग अगदी गोडीत म्हणाले, "आपल्या दोघांचं हित एकच आहे. साहेबांनी होय म्हटलं की त्यांची आमदारकी जाईल. ती वाचवायला पक्षाचे दोन-तृतीयांश आमदार फुटावे लागतात, तेवढे आमच्याकडे नाहीत. पोटनिवडणुकीत तुम्ही उभ्या राहा, आम्ही तुमच्यासमोर एखादं बुजगावणं देऊ. तुम्ही निवडून आल्यात जमा."

"आणि आरोग्य खातं?" मी विचारलं.

"ते साहेबांना नुसतं सांगायला सांगितलंय. त्यांची सोय एखाद्या महामंडळावर लावू. तुम्ही फक्त ही पत्रं थांबवा. पत्र आलं की साहेब दिवसभर कुणाशी बोलत नाहीत."

मी फोन ठेवला आणि पत्र लिहिलं नाही. तुझी बॅग भरली, शर्ट ठेवले, चेन ओढली आणि ड्रायव्हरच्या हातात दिली. तो म्हणाला, "ताई, पत्र?" मी म्हटलं, "आज नाही." निघताना त्याने आरशातून माझ्याकडे दोनदा पाहिलं. मला काहीच करायचं नव्हतं, नुसतं गप्प बसायचं होतं, आणि जागा माझी होती. संध्याकाळपर्यंत मी तशी बसले. या पंधरा वर्षांत एवढं सोपं काम मला कुणी दिलं नव्हतं.

संध्याकाळी ती म्हातारी आली, गिरणीमागची, जिचं घर रस्तारुंदीत गेलं आणि जिला मी दर आठवड्याला सांगते की तिथेच घर परत मिळणार नाही. ती तरी येते. काल मी तिला विचारलं, "आजी, मी दर वेळी नाही म्हणते, तरी कशाला येता?" ती म्हणाली, "वरचे साहेब हो म्हणतात, मग मला रात्रभर झोप लागत नाही. तू नाही म्हणतेस, मग मी घरी जाऊन झोपते." मला हसू आलं आणि मग रडूही आलं. ती गेल्यावर मी हा कागद शोधला.

तर ऐक. वकील तुला फसवतोय. तुझी आमदारकी जाणार हे त्याने स्वतःच्या तोंडाने मला सांगितलं. हे एक.

दुसरं, नाही म्हण असं मी तुला सांगत नाही. ते माझ्या तोंडून शोभणार नाही आणि तू माझं ऐकून म्हणालास तर तोही एक होकारच झाला. सगळा विचार करून तुला त्या लोकांबरोबर जायचं असेल तर खुशाल जा, होय म्हण, मी तुझ्याशी भांडेन पण तुला माणूस म्हणेन. फक्त एक कर. नाही म्हणता येत नाही, म्हणून होय म्हणू नकोस.

आणि येत नसेल तर कसं म्हणायचं ते सांगते. हे शिकवायला माझ्याइतकी अनुभवी बाई तुला मिळायची नाही.

कारण देऊ नकोस. कारण दिलं की समोरचा कारणाशी भांडत बसतो. "माफ करा, पण" असं सुरू करू नकोस, ते ऐकलं की माणसाला वाटतं अजून घासाघीस करता येईल. खाली बघू नकोस. जमिनीकडे बघून नाही म्हटलेलं कुणीच ऐकत नाही. पहिल्यांदाच मोठ्याने म्हण. तू पुटपुटलास तर अध्यक्ष पुन्हा विचारतील, आणि दुसऱ्यांदा म्हणणं पहिल्यापेक्षा फार अवघड असतं, कारण तेवढ्यात तुझ्या शेजारच्या बाकावरचा माणूस तुझ्याकडे बघायला लागलेला असतो. आणि म्हणून झालं की पाणी पी. मी नकार दिला की उठून समोरच्याला पाणी देते, लोकांना वाटतं ही माणुसकी आहे. खरं म्हणजे तेवढ्यात मला पाठ फिरवता येते. माझं तोंड कुणाला दिसत नाही.

एवढंच. तू हे वाचलंस की नाही ते मला उद्या टीव्हीवर कळेल, किंवा कळणारही नाही.

ताई


रविवार, १५ तारीख

धाकट्या,

तुझे फोन येत आहेत. मी घेतलेले नाहीत. रागावले म्हणून नाही. मला जे लिहायचं आहे ते फोनवर बोलता येणार नाही, आणि तुझा आवाज ऐकला की मी भलतंच काहीतरी बोलून मोकळी होईन. तू अजून दोन दिवस अधिवेशनात आहेस. हे पत्र ड्रायव्हर थेट तुझ्या हातात देईल. आता मध्ये कुणी नाही.

काल इथे काय झालं ते तुला कुणी सांगितलं नसेल. ऑफिसात उभं राहायला जागा नव्हती. पाइपलाइनवाले होते, कंडक्टर होता, दवाखान्याचा मुकादम हेल्मेट घालूनच आला होता. म्हातारीला मी माझी खुर्ची दिली. नावं पुकारायला सुरुवात झाली. वकीलसाहेबांच्या बाकांवरून होय, होय, होय. त्या दोघा भावी आरोग्यमंत्र्यांपैकी पहिल्यानेही होय म्हटलं. मुकादम मनात हिशेब करत होता, मध्येच म्हणाला, "सरकार गेलं वाटतं." मी तोंडात पदर धरला होता.

मग तुझं नाव आलं. तू उठलास, शर्ट मी गुरुवारी पाठवलेला. चष्मा काढलास, पुन्हा लावलास. आणि काहीतरी म्हणालास ते कुणालाच ऐकू आलं नाही. मी मनात म्हटलं, झालं, पुटपुटला. इतकं बजावून पुटपुटला. अध्यक्ष म्हणाले, "माननीय सदस्यांनी पुन्हा सांगावं." वकीलसाहेब वळून तुझ्याकडे बघत होते, हसत, अगदी ओळखीचं हसत. तुझा हात त्यांच्या खांद्याकडे निघाला होता, धाकट्या. मी पाहिलं. तो तुझा नेहमीचा हात होता. खांद्यावर टेकला असता तर तोंडातून "होऊन जाईल" आलंच असतं.

तो हात तू बाकावर ठेवलास आणि समोर बघून म्हणालास, "नाही." टीव्हीचा आवाज कमी होता, तरी मागच्या भिंतीपाशी उभ्या असलेल्यांना ऐकू गेलं. मग तू खाली बसलास आणि ग्लास उचलून पाणी प्यायलास, सगळा ग्लास, घटाघटा. तेव्हा मला कळलं की तू खोकं उघडलं होतंस.

इथे टाळ्या वगैरे नाही झाल्या. म्हातारी म्हणाली, "अगो बाई, हा तर खालच्या ताईसारखा बोलला." त्यावर सगळे हसले. तुझ्यानंतर ज्यांच्या बाईंनी साडी घेतली होती तेही नाही म्हणाले, आणि ठराव दोन मतांनी पडला. मुकादम मला न सांगताच कामावर निघून गेला. आज सकाळी कंडक्टर रॉकेल घेऊन आला आणि पाटी घासून देऊन गेला. थोडा डाग राहिला आहे, तो राहू दे म्हटलं मी. तुझी बायको मंगळवारी येते आहे. फोन तूच करायचा आहेस.

आता माझं. काल तू "नाही" म्हणालास तेव्हा मला एवढा आनंद झाला की मी भिंतीला टेकले. आणि त्याच वेळी वाईटही वाटलं. पोटनिवडणूक गेली. प्रतोदांचा संध्याकाळी फोन आला, "ताई, तुमच्या भावाने लाज राखली." तिकिटाचा विषय त्यांनी काढला नाही, मीही काढला नाही. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत आणि दोन्ही तुला कळवते. रात्री वर जाऊन तुझ्या खोलीतला आरसा पुसला, उगाचच.

एक गोष्ट मात्र सुचली, आणि त्यासाठीच हे पत्र.

ही जागा मला गेली कित्येक वर्षं हवी आहे. मी तुझ्याकडे कधी मागितली नाही. तुला वाटलं असेल, ताईला नसेल हवी. मागितली असती तर तू तेव्हाच माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला असतास, "होऊन जाईल, ताई." आणि मग मला खाली येऊन, माझ्याच टेबलापाशी बसून, मलाच सांगावं लागलं असतं की होणार नाही. तेवढं मला झेपलं नसतं. तुझा होकार सगळ्या गावाला फुकट मिळत होता, आणि मला तो तसा नको होता.

कालपासून तू नाही म्हणू शकतोस. हे मी पाहिलं आहे, माझ्यासोबत ऑफिसभर माणसांनी पाहिलं आहे. म्हणून आता विचारते, पहिल्यांदा.

पुढच्या निवडणुकीला तुझ्या जागी मी उभी राहू का?

दोन दिवस विचार कर. आल्यावर वर जाऊ नकोस, सरळ माझ्या टेबलापाशी ये आणि सगळे उभे राहतात तसा समोर उभा राहून सांग. नाही म्हणायचं असेल तर कारण देऊ नकोस, खाली बघू नकोस. पाण्याचा जग मी भरून ठेवते.

आशीर्वाद सोबत पाठवते आहे. ते तुझ्या उत्तरासाठी थांबलेले नाहीत.

ताई